काळपुळीची लस: कोणाला टोचायची, कोणाला नाही

(गाई-म्हशी आणि शेळ्या-मेंढ्या पाळणाऱ्या आमच्या ग्राहकांसाठी)

कर्नाटकी बेंदूर जवळ आला की दुकानात एकच मागणी सुरू होते: "पावसाळ्याच्या सगळ्या लशी द्या." त्या सगळ्यांत घटसर्प येतो, फऱ्या येतो. लाळ्या-खुरकूताची लस सरकारी मोहिमेत घरपोच होते. फाशीची, म्हणजे अँथ्रॅक्सची लस मात्र या यादीत धरू नका. माणसाला झाला की ह्याच रोगाला काळपुळी म्हणतात. सरकारी कानडी पत्रकात 'नेरडी रोग' वाचलात तर तोही हाच.

ही लस जिथे हा रोग पूर्वी निघाला आहे त्या गावातल्या आणि त्याच्या आसपासच्या जनावरांसाठी असते. कारण रोगाचे जंतू मातीत बीजाणूंच्या, म्हणजे टणक कवच धरून झोपलेल्या जंतूंच्या रूपात दडून राहतात, तेही कित्येक दशकं. उन्हाळ्यात गवत अगदी मुळापर्यंत खुडलं जातं, तोंडाला माती लागते, आणि पहिल्या जोरदार पावसात किंवा पुरात जुनी गाडलेली जागा उघडी पडते. कृष्णा, दूधगंगा, वेदगंगेच्या काठावर पूर काय करतो हे २०१९ साली आपण सर्वांनी पाहिलं आहे. तुमच्या शिवारात पूर्वी जनावरं अशी दगावली असतील, तर जुन्याजाणत्यांना विचारा आणि पशुवैद्यकीय दवाखान्यात सांगा. तिथल्या डॉक्टरांकडे कोणत्या गावात लस द्यायची याची माहिती असते. बेंगळुरूची निवेदी ही संस्था जिल्हावार रोगांचा अंदाजही देते.

अशा गावात चार महिन्यांवरची वासरं-रेडकं आणि मोठी गुरं, तसंच सहा महिन्यांवरची शेरडं-मेंढरं यांना वर्षातून एकदा, पावसाळ्याच्या महिनाभर आधी लस टोचतात. अंगात ताकद यायला दहा-पंधरा दिवस लागतात, म्हणून मृग निघाल्यावर धावाधाव करून उपयोग नाही. धनगर बांधवांनी आपल्या गावाबरोबर वाटेवरच्या गावांचाही विचार करावा. चिंचलीच्या मायाक्काच्या यात्रेला किंवा पलीकडे जत-कवठेमहांकाळकडे कळप जातो तेव्हा चरण्याची माती बदलते. सीमेपलीकडून जनावर विकत घेताना कानातल्या पिवळ्या बिल्ल्यावरचा १२ आकडी क्रमांक घ्या आणि लशीची नोंद दवाखान्यात तपासून घ्या. विकणाऱ्याच्या तोंडी हमीवर जाऊ नका.

आता कोणाला नाही. आजारी, तापलेल्या किंवा अगदी हडकलेल्या जनावराला नाही. गाभणकाळाच्या शेवटच्या टप्प्यातल्या गाई-म्हशींबाबत निर्णय डॉक्टरांचा. आणि इथे आमचं खास सांगणं: ही लस जिवंत जंतूंची असते. १९३७ साली दक्षिण आफ्रिकेत मॅक्स स्टर्न यांनी शोधलेला, आवरण गमावलेला आणि म्हणून रोग न करणारा हा जंतू आजही जगभर वापरतात. दगडीसाठी (कासेच्या सुजेसाठी) म्हशीला पेनिसिलिनचं इंजेक्शन चालू असेल, तर तेच औषध या लशीतले जंतूही मारतं. सुई टोचली, पैसे गेले, संरक्षण शून्य. लशीच्या आधी-नंतर आठ-पंधरा दिवस अँटिबायोटिक नको. डॉक्टर आले की आधी हे सांगा, त्यांनी विचारायची वाट पाहू नका. खाटकाला द्यायच्या जनावराला लस दिलीच, तर लेबलवर लिहिलेला काळ, साधारण सहा आठवडे, थांबावं लागतं.

टोचल्या जागी लिंबाएवढी सूज, एक-दोन दिवस ताप, दूध थोडं कमी, एवढं होतं आणि उतरतं. शेळ्यांना जरा जास्त त्रास होतो.

कळपात रोग निघालाच तर आजारी जनावरावर औषधोपचार आणि धडधाकट जनावरांना लस, असं डॉक्टर वाटून घेतात. एकाच जनावराला दोन्ही एका वेळी नाही.

माणसांचं काय?

हा प्रश्न दरवर्षी येतो, विशेषतः मेंढरं कातरणाऱ्यांकडून आणि कच्च्या चामड्याचं काम करणाऱ्यांकडून. माणसांसाठी लस आहे. अमेरिकेत ती १९७० पासून वापरात आहे, पण तिथेही ती सगळ्यांना देत नाहीत. प्रयोगशाळेत या जंतूंवर काम करणारे, काही सैनिक, आणि जिथे संसर्गाचा धोका मोठा आहे तिथे जनावरं व चामडं हाताळणारे, अशा १८ ते ६५ वयाच्या लोकांना टप्प्याटप्प्याने मात्रा देतात. आपल्या सरकारी लसीकरण कार्यक्रमात ती नाही. गावातल्या घरोघरी तिची गरजही नाही. हा रोग माणसापासून माणसाला सहसा होत नाही, तो मेलेल्या जनावरापासून होतो. तेव्हा गोठ्यातल्या जनावराची लस हीच घरच्या माणसाची ढाल. आणि जनावरांची बाटली कोणी स्वतःला टोचून घेण्याचा विचारही करू नये. चुकून सुई हाताला लागली तर साबणाने धुवा आणि लगेच डॉक्टरांना दाखवा.

काल संध्याकाळी चारा खाल्लेलं जनावर सकाळी मेलेलं, पोट फुगलेलं, नाका-तोंडातून आणि गुदद्वारातून काळपट, न गोठणारं रक्त, अंग नीट ताठलेलं नाही. असं दिसलं तर कातडी काढू नका, पोट फाडू नका, मटण वाटून घेऊ नका. उघडलेल्या शरीरातले जंतू हवा लागताच बीजाणू होतात आणि तुमचं शिवार पिढीभरासाठी बाधतं. कुत्र्यांना लांब ठेवा, १९६२ या पशुवैद्यकीय मदत क्रमांकावर फोन करा. डॉक्टर कानाच्या शिरेतून रक्ताचा थेंब घेऊन तपासतात, मग देह जाळायचा की खोल पुरायचा ते सांगतात. जनावरांच्या संसर्गजन्य रोगांबाबतच्या २००९ च्या कायद्याप्रमाणे असा संशय कळवणं मालकाचं कर्तव्य आहे. उरलेल्या जनावरांचं दूध डॉक्टर सांगेपर्यंत डेअरीला घालू नका. नुकसान होतं, आम्हालाही कळतं, तरी नको.

अशा जनावराला हात लागलेल्या माणसाला आठवड्याभरात खाजरा फोड आला, त्याची काळी खपली झाली, भोवती सूज आहे पण दुखत नाही, तर मलम चोपडत बसू नका. आरोग्य केंद्रात, बेळगावला किंवा मिरजेला, जवळ असेल तिथे जा आणि "घरी जनावर अचानक मेलं होतं" हे पहिल्या वाक्यात सांगा. वेळेत अँटिबायोटिक मिळालं की हा त्वचेचा प्रकार बहुतेक सगळ्यांचा बरा होतो.

आमच्या दुकानातून ही लस चिठ्ठीशिवाय मिळणार नाही, ओळखीच्या गिऱ्हाइकालाही नाही. डॉक्टरांची चिठ्ठी, जनावरांची संख्या आणि टोचायचा दिवस घेऊन या, म्हणजे तेवढीच मागवता येईल. येताना बर्फासाठी थर्मास आणा. बाटली २ ते ८ अंशात राहिली पाहिजे, पण फ्रीजरमध्ये नाही. फोडलेली बाटली त्याच दिवशी संपवा, आणि उरलेली लस व रिकामी बाटली उकळल्याशिवाय उकिरड्यावर टाकू नका.