युद्धनौकेवर सूट, किनाऱ्यावर परवाना: नौसैनिक, खलाशी आणि माजी सैनिकांसाठी मद्यपरवान्याची माहिती

महाराष्ट्रात मद्य विकत घेणे, जवळ बाळगणे, वाहून नेणे आणि पिणे या गोष्टी कायद्याने मुळात निषिद्ध असून परवान्यापुरत्याच खुल्या आहेत. दुकानांची रांग पाहिली की हे खरे वाटत नाही, तरी १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा, ज्याला आता महाराष्ट्र दारूबंदी कायदा म्हणतात, आजही लागू आहे. कुलाब्यातील नौदलाच्या वसाहतीत राहणारा नौसैनिक, मालाडच्या आयएनएस हमला किंवा लोणावळ्याच्या आयएनएस शिवाजी या नौदलाच्या किनाऱ्यावरील तळांवर नेमणुकीवर असलेला कर्मचारी आणि रत्नागिरीत सुट्टीवर आलेला व्यापारी जहाजावरील खलाशी हे तिघेही या कायद्याच्या कक्षेत येतात. मात्र प्रत्येकाला लागू होणारी तरतूद वेगळी आहे आणि नेमका इथेच अनेकांचा घोळ होतो.

कायद्याच्या कलम ३९ मध्ये युद्धनौका, सैन्य वाहून नेणारी जहाजे आणि सशस्त्र दलांच्या मेस व कॅन्टीन येथे विदेशी मद्याच्या (म्हणजे देशी दारू सोडून व्हिस्की, रम, बिअर यांसारख्या, भारतात बनलेल्याही मद्याच्या) वापराला आणि सेवनाला राज्य सरकार अटी घालून परवानगी देऊ शकते, अशी तरतूद आहे. सामान्य नागरिकाला बंदी आणि सैनिकाला सूट हा भेदभाव नव्हे काय, हा प्रश्न एफ. एन. बलसारा यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे आला. सशस्त्र दलांचे जीवन त्यांच्या स्वतःच्या परंपरांनी आणि नियमांनी बांधलेले असते, त्यामुळे त्यांचा वेगळा वर्ग मानणे समतेच्या तत्त्वाला बाधक नाही, असे न्यायालयाने २५ मे १९५१ च्या निकालात मान्य केले. या तरतुदीचे शब्द नीट वाचले तर एक गोष्ट स्पष्ट होते, ती म्हणजे सूट जहाज, मेस आणि कॅन्टीन यांच्याशी जोडलेली आहे. ती गणवेशाबरोबर घरापर्यंत येत नाही. भाड्याच्या घरात बाटली ठेवणाऱ्या नौसैनिकाने ‘मी नौदलात आहे’ एवढ्यावर विसंबून राहू नये, स्वतःच्या नावे परवाना काढावा, असे माझे स्पष्ट मत आहे. खर्च इतका किरकोळ आहे की तो टाळण्यात काहीच शहाणपण नाही.

सूट म्हणजे मोकळीक, असाही अर्थ कोणी काढू नये. नौदल कायदा, १९५७ नुसार दारूच्या अमलामुळे सोपवलेले किंवा सोपवले जाऊ शकणारे काम करण्यास जो अपात्र ठरतो, जो बेशिस्त वागतो किंवा ज्याच्या वागण्याने नौदलाची अप्रतिष्ठा होण्याचा संभव असतो, तो मद्यधुंद अवस्थेच्या गुन्ह्यास पात्र ठरतो. म्हणजे त्या क्षणी प्रत्यक्ष कामावर असणेही आवश्यक नाही.

जहाजावरचे मद्य आणि पात्रतेची नोंद यांचे नाते जुने आहे. ब्रिटिश नौदलात खलाशांना रोज रमचे माप मिळत असे. ॲडमिरल व्हर्नन यांनी १७४० मध्ये त्यात पाणी मिसळण्याचा हुकूम काढला, तेव्हापासून त्या मिश्रणाला ग्रॉग हे नाव पडले. पुढील काळात वीस वर्षांखालील खलाशाला हे माप मिळत नसे, आणि जो स्वेच्छेने ते नाकारी त्याला त्याऐवजी दिवसाला तीन पेनी मिळत. जहाजाच्या नोंदवहीत प्रत्येकाच्या नावापुढे तो ग्रॉग घेणारा आहे, न घेणारा आहे की वयाने लहान आहे, हे दाखवणारी अक्षरे लिहिलेली असत. ही प्रथा ३१ जुलै १९७० रोजी बंद झाली. अमेरिकी नौदलाने तर १ जुलै १९१४ पासूनच जहाजांवर मद्यबंदी लागू केली होती.

आता प्रत्यक्ष परवान्याकडे वळू. विदेशी मद्य बाळगण्याचा, वाहून नेण्याचा आणि सेवन करण्याचा वैयक्तिक परवाना राज्य उत्पादन शुल्क विभाग देतो आणि त्याचा नमुना ‘एफएल-दहा-सी’ या नावाने ओळखला जातो. हा परवाना आरोग्य जपण्याच्या आणि टिकवण्याच्या कारणासाठी दिला जातो, असे नियमांची भाषा सांगते. वाचताना हसू आले तरी अर्ज करताना हीच भूमिका गृहीत धरलेली असते. वयाची अट सौम्य बिअर आणि वाइनसाठी २१ वर्षे, तर इतर मद्यासाठी २५ वर्षे पूर्ण अशी आहे. अठराव्या-एकोणिसाव्या वर्षी भरती होणाऱ्या तरुणांनी ही अट विशेष लक्षात ठेवावी, कारण पगार सुरू झाला म्हणून पात्रता येत नाही. एका वर्षाच्या परवान्याचे शुल्क १०० रुपये आणि आजीवन परवान्याचे १,००० रुपये असे आहे. एका दिवसाचा परवाना विदेशी मद्यासाठी ५ रुपयांत आणि देशी मद्यासाठी २ रुपयांत मिळतो व तो सहसा दुकानातूनच दिला जातो. शुल्क भरण्यापूर्वी विभागाच्या संकेतस्थळावर त्या दिवशी दाखवलेला आकडा पाहून घ्यावा.

अर्ज विभागाच्या संकेतस्थळावर नोंदणी करून ऑनलाइन भरता येतो. छायाचित्र, ओळखीचा पुरावा, पत्त्याचा पुरावा आणि वयाचा पुरावा एवढी कागदपत्रे लागतात. आधार कार्ड, मतदार ओळखपत्र, पारपत्र किंवा वाहन चालवण्याचा परवाना यांपैकी योग्य ते जोडावे. नौदलातील लोकांची खरी अडचण पत्त्याची असते. आधारवर गावचा पत्ता, राहणे मुंबईतील सरकारी निवासस्थानात आणि जहाज कारवारला, अशी स्थिती असेल तर ज्या पत्त्याचा पुरावा हाती आहे तोच अर्जात लिहावा. अर्जात एक पत्ता आणि पुराव्यावर दुसरा, असे झाले की अर्ज अडकण्याची शक्यता वाढते. परवाना मिळाल्यावर त्याची प्रत मोबाइलमध्ये आणि कागदावर, दोन्ही रूपांत ठेवावी. परवान्यावर १२ युनिटची मर्यादा असते, आणि युनिटचे माप मद्याच्या प्रकारानुसार बदलत असल्याने १२ युनिट म्हणजे कोणत्याही १२ बाटल्या असा हिशेब करू नये.

माजी सैनिकांचा प्रश्न थोडा निराळा आहे. सैन्यदलांच्या कॅन्टीनना माल पुरवणारे कॅन्टीन स्टोअर्स डिपार्टमेंट, म्हणजेच सीएसडी, १९४८ पासून कार्यरत असून त्याचे मुख्यालय मुंबईतच आहे. तेथील मद्य घेण्यासाठी स्मार्ट कार्ड लागते आणि दरमहाचा कोटा हुद्द्यानुसार ठरतो. कार्डाचा अर्ज आपण ज्या युनिट कॅन्टीनशी जोडले जाणार तेथे करावा. डिस्चार्ज बुक (सेवेतून मुक्त होताना मिळणारी सेवेच्या नोंदीची पुस्तिका), निवृत्तिवेतनाचा आदेश म्हणजे पीपीओ, जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाने दिलेले माजी सैनिक ओळखपत्र, पॅन, आधार आणि छायाचित्रे बरोबर न्यावीत. दिवंगत सैनिकाच्या पत्नीने यांच्या जोडीला पतीचा मृत्यूचा दाखला न्यावा. डिस्चार्ज बुकातील आणि आधारवरील नावात फरक असेल, तर आधी तो दुरुस्त करून घेणे बरे. कार्ड मिळाले म्हणजे परवाना मिळाला, असे मात्र समजू नये: कार्ड कॅन्टीनमधून खरेदीचा हक्क देते, घरी मद्य बाळगण्याचा राज्याचा परवाना ही वेगळी बाब आहे. कोट्यातील बाटल्या फक्त संरक्षण दलातील व्यक्तींसाठी असतात आणि त्या शेजाऱ्याला किंवा लग्नघराला विकणे महागात पडू शकते.

कोकणात व्यापारी जहाजावर काम करणाऱ्यालाही लोक ‘नेव्हीत आहे’ असेच म्हणतात. कायद्यापुढे हा शब्दप्रयोग टिकत नाही. व्यापारी जहाजावरचा खलाशी सशस्त्र दलांचा सदस्य नाही. त्यामुळे त्याच्याकडील सीडीसी, म्हणजे खलाशाच्या सागरी सेवेची नोंदपुस्तिका, दाखवून सीएसडीचे कार्ड मिळत नाही आणि कलम ३९ ची सूटही त्याला लागू होत नाही. त्याच्या जहाजाचा विचार कलम ३८ मध्ये आहे, आणि तोही जहाज कंपनीला किंवा जहाजाच्या मास्टरला (कप्तानाला) द्यावयाच्या अनुज्ञप्तीपुरता (लायसन्सपुरता). शिवाय पहाऱ्यावरील अधिकारी आणि सुरक्षेची नेमून दिलेली कामे करणारे कर्मचारी यांच्यासाठी खलाशांचे प्रशिक्षण, प्रमाणपत्र आणि पहारा यांविषयीच्या आंतरराष्ट्रीय एसटीसीडब्ल्यू नियमांनी रक्तातील अल्कोहोलची कमाल मर्यादा ०.०५ टक्के ठेवली आहे, आणि अनेक कंपन्या जहाजावर थेंबभरही चालू देत नाहीत. सुट्टीवर घरी आल्यावर अशा खलाशाने इतर कोणत्याही नागरिकाप्रमाणे वर सांगितलेला परवाना काढावा.

गोव्यातील आयएनएस हंसा या नौदलाच्या हवाई तळावरून मुंबईला बदली झालेल्यांसाठी एक वेगळी सूचना आहे. गोव्यात पिण्यासाठी वैयक्तिक परवाना लागत नाही, पण तेथे घेतलेले मद्य महाराष्ट्रात आणणे ही आयात ठरते आणि तिला आपल्या राज्याच्या उत्पादन शुल्क विभागाची परवानगी लागते. एफएल-दहा-सी खिशात असला तरी सीमेवरील तपासणी नाक्यावर तो त्या परवानगीची जागा घेत नाही. वर्धा आणि गडचिरोली या जिल्ह्यांत दारूबंदी असल्याने तिकडे गावी जाणाऱ्यांनी सामानात बाटली नेऊच नये, मग ती कॅन्टीनची का असेना.