डार्लिंग, चार्ल्स जॉन

(६ डिसेंबर १८४९ – २९ मे १९३६). इंग्लंडच्या हायकोर्टाचा न्यायाधीश आणि त्याआधी नऊ वर्षे हुजूर पक्षाचा खासदार. महाराष्ट्राला तो ठाऊक आहे टिळक-चिरोल खटल्यामुळे.

जन्म कोलचेस्टरचा. बर्मिंगहॅमला सॉलिसिटरच्या कचेरीत उमेदवारी केल्यावर १८७४ मध्ये तो बॅरिस्टर झाला. वकिली बेताची, लेखणी मात्र चुरचुरीत. १८८८ मध्ये लंडनच्या डेटफर्डची पोटनिवडणूक त्याने जिंकली. विरोधी उमेदवार कवी विल्फ्रिड ब्लंट तेव्हा आयर्लंडमधल्या तुरुंगात होता.

१८९७ मध्ये लॉर्ड चॅन्सेलर (न्यायखात्याचा प्रमुख मंत्री) हॅल्सबरीने त्याला न्यायासनावर बसवले. हायकोर्टाच्या जागा लॉर्ड चॅन्सेलरच्या शिफारशीने भरत आणि तो स्वतः मंत्रिमंडळात असे. पक्षसेवेची परतफेड करण्याची वाट तिथूनच फुटे. न्यायाधीशाला कॉमन्समध्ये, म्हणजे संसदेच्या खालच्या सभागृहात, बसता येत नसल्याने खासदारकी लगेच सुटे. पण एकदा बसलेल्या न्यायाधीशाला हटवायला दोन्ही सभागृहांचा ठराव लागे, त्यामुळे चुकीची नेमणूक पुढची वीस-पंचवीस वर्षे निस्तरावी लागे. डार्लिंगच्या नावावर वृत्तपत्रांत ओरड झाली ती याच धास्तीने.

१९०० मध्ये बर्मिंगहॅमला एका अश्लील मजकुराच्या खटल्याआधी त्याने पत्रकारांना तंबी दिली. तिथल्या एका संपादकाने उलट लिहिले, की एका विक्षिप्त नातलगाने याला पैसा ठेवला नसता तर हा उत्तम बस-कंडक्टर झाला असता. न्यायालयाच्या अवमानाबद्दल संपादकाला १०० पौंड दंड आणि २५ पौंड खर्च भरावा लागला. ओरड पुरती चुकीचीही नव्हती. कोर्टात विनोद करून हशा पिकवण्याची खोड त्याला शेवटपर्यंत होती. १९१८ मध्ये खासदार पेंबर्टन बिलिंग याच्यावरच्या अब्रुनुकसानीच्या खटल्यात तर कोर्ट त्याच्या हातातून सुटले: एका साक्षीदार बाईने जर्मनांच्या कथित ‘काळ्या पुस्तकात’ (अनैतिक वर्तनामुळे धमकावता येतील अशा इंग्रजांच्या यादीत) खुद्द न्यायाधीशाचेच नाव असल्याचे भर कोर्टात सांगितले.

टिळकांनी लंडनच्या ‘टाइम्स’चा पत्रकार व्हॅलेंटाइन चिरोल याच्यावर त्याच्या ‘इंडियन अनरेस्ट’ (१९१०) मधील मजकुराबद्दल अब्रुनुकसानीचा दावा लावला होता. २९ जानेवारी १९१९ रोजी सुनावणी सुरू झाली. टिळकांच्या बाजूने सर जॉन सायमन, माजी उदारमतवादी गृहमंत्री. चिरोलच्या बाजूने अल्स्टरच्या (उत्तर आयर्लंडच्या) युनियनिस्टांचा, म्हणजे ब्रिटनशी जोडून राहू पाहणाऱ्यांचा, नेता एडवर्ड कार्सन. मध्ये जुना हुजूर खासदार. राजद्रोहाबद्दल दोनदा शिक्षा झालेल्या माणसाच्या अब्रूचे मोल इंग्रज ज्यूरीने ठरवायचे होते, आणि डार्लिंगचा समारोप सरळ टिळकांच्या विरोधात झुकलेला होता. २१ फेब्रुवारीला दावा हरला. खर्चाचा बोजाही टिळकांवर पडला. तरी दोष एकट्या न्यायाधीशावर टाकणे सोपे आहे. युद्ध नुकते संपलेल्या लंडनच्या ज्यूरीकडून वेगळा निकाल मिळणे कठीणच होते.

फौजदारी कामात मात्र त्याने नाव कमावले. पत्नीच्या खुनाबद्दल दोषी ठरलेला डॉक्टर क्रिपेन (१९१०) आणि राजद्रोही ठरलेला आयरिश बंडखोर केसमेंट (१९१६) यांची अपिले त्याच्यापुढे चालली. हेरफर्डचा आर्मस्ट्राँग विषप्रयोग खटलाही (१९२२) त्यानेच चालवला.

सरन्यायाधीश लॉर्ड रीडिंग अमेरिकेत असताना त्याचे काम डार्लिंग पाही. १९२१ मध्ये ती जागा रिकामी झाली, पण पंतप्रधान लॉइड जॉर्जला आपला अ‍ॅटर्नी जनरल (सरकारचा मुख्य वकील) ह्यूअर्ट अजून सरकारात हवा होता. म्हणून ७७ वर्षांच्या न्यायाधीश लॉरेन्सकडून तारीख न घातलेला राजीनामा आधीच लिहून घेऊन त्याला तात्पुरते बसवले. पक्षाने दिलेल्या खुर्चीवरचा डार्लिंग असा राजकारणाच्याच हिशेबात मागे राहिला. १९२३ मध्ये तो निवृत्त झाला. पुढल्या वर्षी त्याला लँगमचा बॅरन केले.