फ्लिंडर्स प्लॅटफॉर्मखाली नव्हताच
जहाजातून ऑस्ट्रेलियाला प्रदक्षिणा घालून तिचा नकाशा काढणारा ब्रिटिश आरमाराचा कप्तान मॅथ्यू फ्लिंडर्स लंडनच्या यूस्टन स्टेशनच्या प्लॅटफॉर्मखाली पुरलाय, असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. हे खरं नाही. स्टेशन वाढताना शेजारच्या सेंट जेम्स दफनभूमीचा काही भाग गेला, त्याच्या कबरीवरचा दगडही हरवला. दंतकथेला तेवढं पुरलं. जानेवारी २०१९ मध्ये नव्या रेल्वेमार्गासाठीच्या उत्खननात त्याच दफनभूमीत त्याची शवपेटी मिळाली. हजारो पेट्यांतून ओळख पटली ती शिशाच्या पाटीमुळे. तिच्यावर नाव, हुद्दा, १९ जुलै १८१४, वय ४० हे स्पष्ट वाचता येत होतं. मॉरिशसमध्ये फ्रेंचांनी सहा वर्षांहून जास्त अडकवून ठेवलेला हा दर्यावर्दी अखेर २०२४ मध्ये डॉनिंग्टनला, आपल्या जन्मगावी, सन्मानाने पोचला.