तारे हलत का नाहीत?

चाळीसगावहून रात्रीच्या एसटीने धुळ्याकडे जाताना खिडकीबाहेर बघा. कडेच्या बाभळी सुसाट मागे पळतात, लांबचे डोंगर सावकाश सरकतात आणि चंद्र सोबतच चालत राहतो. गाडीचा वेग एकच, फरक पडतो तो अंतराचा. जागा बदलली की वस्तू सरकल्यासारखी दिसते, ती जितकी दूर तितकी कमी. याला पराशय म्हणतात.

आता अंतराळावरचे सिनेमे आठवा. यान सुटलं की तारे बाभळींसारखे बाजूने पळू लागतात. मला हे फार खटकतं. पृथ्वी आपल्याला घेऊन सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने सूर्याभोवती धावते, तरी वर्षभरात मृग नक्षत्राचा आकार तसूभर बदललेला दिसत नाही. हंस तारकासमूहातल्या एका ताऱ्याचा पराशय जर्मन खगोलशास्त्रज्ञ बेसेलने १८३८ साली मोजला. तो भरला अंशाच्या दहा हजाराव्या भागाहूनही कमी. अंतराळ स्थिर वाटतं ते या अंतरामुळे. तिथे वेग भरपूर आहे, पण दिसत नाही.

चार्ल्स आणि रे ईम्स या अमेरिकी डिझायनर जोडप्याने १९७७ च्या ‘पॉवर्स ऑफ टेन’ या नऊ मिनिटांच्या लघुपटात हे अचूक पकडलं. शिकागोच्या एका बागेत झोपलेल्या माणसापासून कॅमेरा वर निघतो, दर दहा सेकंदांनी दसपट दूर. पृथ्वी बघता बघता ठिपका होते, सूर्यमालाही आक्रसते. पण एक प्रकाशवर्ष लांब गेल्यावरही मागची नक्षत्रं जवळपास जशीच्या तशी! मला तर पुढच्या दीर्घिकांपेक्षा हाच टप्पा जास्त हलवून जातो.

खानदेशात कुणी असा सिनेमा करणार असेल, तर त्याने चाळीसगावजवळच्या पाटण्याला जावं. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी त्यांचा नातू चांगदेव याने तिथे मठ काढला. त्याचा शिलालेख १२०७ सालचा आहे. पौषातल्या रात्री कॅमेरा पक्का रोवायचा आणि मृगाच्या बाणातला एक तारा तिथल्या देवळाच्या कडेला अगदी टेकलेला दिसेल अशी चौकट धरायची. मग हात लावायचा नाही. दोन मिनिटांत तारा चंद्रबिंबाच्या रुंदीएवढा सरकतो आणि भिंतीआड जातो. खरं तर पृथ्वीच्या स्वतःभोवती फिरण्याने सरकलेली असते ती भिंत, तिच्यासोबत कॅमेरा आणि आपणही.