कुत्र्यासाठी गॉगल घेण्याआधी हे वाचा

मार्च लागला की दुकानात विचारणा सुरू होते, कुत्र्याचा गॉगल आहे का? आहे. पण वावरात मोकळ्या फिरणाऱ्या बहुतेक गावठी कुत्र्यांना तो लागत नाही. ऊन तापलं की ती आपणहून निंबाखाली नाहीतर बंडीखाली जाऊन पडतात. साखळीला बांधलेल्या कुत्र्याची गोष्ट वेगळी. सकाळची सावली दुपारी दोनला कुठे सरकते, आणि साखळी तिथवर पुरते का, हे आधी बघा. टिनाच्या छपराखाली ऊन लागत नसलं तरी उकाडा असह्य होतो, म्हणून वर तुराट्या-पऱ्हाट्यांचा थर टाका. हा खर्च गॉगलपेक्षा कमी आणि उपयोग जास्त.

गॉगलची खरी गरज जर्मन शेफर्डला. या जातीत ‘पॅनस’ नावाचा आजार बराच दिसतो. शरीराची प्रतिकारशक्ती डोळ्याच्या समोरच्या पारदर्शक पडद्यावरच उलटते आणि उन्हातली अतिनील किरणं हा त्रास वाढवतात. बहुधा कानाकडच्या कडेने लालसर पातळ पडदा आत सरकत येतो, पुढे तो तपकिरी-काळा पडतो. दोन्ही डोळ्यांत होतो, पण फारसा दुखत नाही. म्हणून कुत्रं दाराला धडकू लागेपर्यंत मालकाच्या लक्षात येत नाही. मोतीबिंदू समजून गप्प बसू नका. पॅनस पूर्ण बरा होत नाही, मात्र थेंबांनी आटोक्यात राहतो. थेंब जन्मभर घालावे लागतात आणि उन्हाळ्यात डॉक्टर त्यांचं प्रमाण अनेकदा वाढवतात.

पापणीची कड किंवा डोळ्याच्या आतल्या कोपऱ्यातली तिसरी पापणी गुलाबी-पांढरी असेल, तर तिथेही ऊन बाधतं. लाल गाठ दिसली तर लहान असतानाच दाखवा. ती कॅन्सरची असू शकते.

घरात पडलेले माणसाचे थेंब घालू नका, ही आमची कळकळीची विनंती. त्यात स्टेरॉइड असेल आणि डोळ्यात काटा-कुसळाने जखम झालेली असेल, तर डोळा जाऊ शकतो. पॅनसवरही स्टेरॉइडच देतात, पण डोळा तपासून. त्यामुळे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय आम्ही हे थेंब देत नाही, रागावू नका.

गॉगल घेताना काचेच्या काळ्या रंगावर जाऊ नका. ‘यूव्ही ४००’, म्हणजे अतिनील किरणं अडवणारी काच, असं लिहिलेलं बघा. नुसत्या काळ्या काचेमागे डोळ्याची बाहुली मोठी होते आणि किरणं उलट जास्त आत जाऊ शकतात. ट्रॉलीत किंवा मोटरसायकलवर पुढे बसणाऱ्या कुत्र्याला धूळ-कुटारापासूनही आडोसा मिळतो. उन्हापासून मात्र डोळेच वाचतात, उष्माघात टळत नाही.

सुरुवातीला पाच मिनिटं, तेही खाऊ देत घाला. गॉगल घालून कुत्र्याला एकटं सोडू नका, चावून तुकडे गिळेल. माप घ्यायला कुत्र्याला दुकानात आणा, पण ऊन उतरल्यावर. आम्ही रात्री आठपर्यंत असतो. चपट्या तोंडाच्या पगला आमच्याकडचा कुठलाच गॉगल नीट बसत नाही, त्यासाठी फेरी मारू नका.