लीबर-स्टोलर आणि पोमस-शुमन : एक नेहमीची गल्लत
रॉक अँड रोलच्या आरंभकाळातील गाणी कोणी रचली हे शोधू लागले, की दोन अमेरिकी जोड्यांची हमखास गल्लत होते : जेरी लीबर व माइक स्टोलर, आणि डॉक पोमस व मॉर्ट शुमन. दोन्ही जोड्यांनी गायक एल्व्हिस प्रिस्लीसाठी आणि ‘द ड्रिफ्टर्स’ या गायकवृंदासाठी गाणी रचली; ‘द कोस्टर्स’ या गायकवृंदाच्या ‘यंग ब्लड’ या गाण्यावर (१९५७) तर लीबर, स्टोलर आणि पोमस अशी तिघांची नावे आहेत.

लीबर शब्द लिहीत असे आणि स्टोलर चाल बांधत असे. १९५० मध्ये लॉस एंजेलिसमध्ये एकत्र आलेल्या या दोघांनी १९५२ साली बिग मामा थॉर्नटन या ब्लूज (आफ्रिकी-अमेरिकी गानप्रकार) गाणाऱ्या गायिकेसाठी ‘हाउंड डॉग’ रचले. एका आयतखाऊ पुरुषाला घराबाहेर काढणाऱ्या बाईचा तो संताप आहे. १९५६ मध्ये एल्व्हिसने गायिलेल्या रूपात शब्द इतके बदललेले होते की ती बाईच नाहीशी झाली. म्हणून हे गाणे समजून घ्यायचे तर थॉर्नटनचेच ऐकावे. पात्र आणि प्रसंग उभा करणे ही या जोडीची खूण आहे. ‘याकेटी याक’मध्ये (१९५८) घरकामाचे हुकूम एकामागून एक सुटतात आणि शेवटी खर्जातला आवाज ‘उलट बोलू नकोस’ असे दटावतो. शिवाय हे दोघे ध्वनिमुद्रणाचे निर्मातेही होते.

पोमस-शुमन यांची ओढ हुरहुरीकडे. ब्रुकलिनचा पोमस लहानपणी पोलिओ झाल्यामुळे कुबड्यांवर चालत असे. आधी तो स्वतः ब्लूज गात असे. त्याच्याहून तेरा वर्षांनी लहान असलेला शुमन मुख्यतः चालींची बाजू सांभाळी. ‘सेव्ह द लास्ट डान्स फॉर मी’ (१९६०) या गाण्यातला प्रियकर प्रेयसीला सांगतो, की कोणाबरोबरही नाच, पण शेवटचा नाच माझ्यासाठी राखून ठेव. स्वतःच्या लग्नात पत्नी इतरांबरोबर नाचत असताना बसून पाहणाऱ्या पोमसने त्या आठवणीतून हे शब्द लिहिले, आणि हे कळल्यावर त्यातला प्रत्येक शब्द जड होतो.

मात्र ‘द ड्रिफ्टर्स’कडून या गाण्याचे ध्वनिमुद्रण करून घेणारे निर्माते होते लीबर आणि स्टोलर. त्यातील व्हायोलिनांचा साज आणि लॅटिन अमेरिकी ताल त्यांच्या देखरेखीखाली आला, म्हणून जाणकारही कधी कधी हे गाणे त्यांच्याच नावावर टाकतात.