बीजमांत्रिक : एका कल्पित धंद्याची पार्श्वभूमी

बीजमांत्रिकाचं दुकान पुण्याच्या कुठल्याही पेठेत नाही. मंत्राने जनुकं बदलून घराण्यातला रोग तोडणारा हा माणूस कथांमध्ये आणि पात्र घेऊन खेळायच्या खेळांमध्येच भेटतो. त्याचे पूर्वज मात्र खरे आहेत. ते ठाऊक नसताना पात्र रचलं, तर झगा घातलेला प्रयोगशाळा सहायक तेवढा हाती लागतो.

पहिला पूर्वज वैद्य. चरकसंहितेच्या शारीरस्थान या भागात म्हटलंय की बीजाचा जो भाग बिघडतो, त्यातून घडणारा अवयव अपत्यात बिघडतो. तो भाग शाबूत असेल तर आंधळ्याचं मूलही डोळस निपजतं. विचार म्हणून हे फार पुढचं आहे. त्याच परंपरेतलं पुंसवन मात्र नेमकं वेळेत चुकतं. मुलगा व्हावा म्हणून वडाच्या कोवळ्या कोंबांचा रस गर्भवतीच्या उजव्या नाकपुडीत घालायचा, आणि तोही गर्भ राहिल्यावर. मुलगा की मुलगी हे फलनाच्या क्षणीच, शुक्रजंतू एक्स आणतो की वाय यावर ठरलेलं असतं. अमेरिकी जीवशास्त्रज्ञ नेटी स्टीव्हन्स यांनी १९०५ मध्ये पिठातल्या किड्यांवर काम करून ही गुणसूत्रं दाखवून दिली. विधी निम्म्या वेळा ‘फळतो’, कारण निम्मी मुलं तशीही मुलगेच असतात.

दुसरा पूर्वज पत्रिका पाहणारा. छत्तीस गुणांपैकी आठ नाडीचे. एकनाड, म्हणजे दोघांची नाडी एकच, निघाली की आठही जातात आणि ‘रक्त जमत नाही’ असं सांगितलं जातं. नाडी जन्मनक्षत्रावरून काढतात. रक्तगट तिच्यात कुठेच येत नाही. गोत्राचं थोडं वेगळं आहे. ते वाय गुणसूत्रासारखं बापाकडून मुलाकडे उतरतं, म्हणून त्याला विज्ञान म्हणायचा मोह होतो. पण मामाच्या मुलीचं गोत्र वेगळं, आणि महाराष्ट्रातल्या अनेक जातींत ते लग्न रीतीला धरून मानलं गेलं. त्या दोघांत सरासरी आठवा हिस्सा जनुकं सामाईक असतात. मानववंशशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांनी डेक्कन कॉलेजात राहून नात्यांच्या या रचनेचा अभ्यास केला. तेव्हा आपल्या बीजमांत्रिकाने गोत्र विचारून थांबू नये. आजोळची वंशावळही मागावी.

तिसरा पूर्वज भोंदू. त्याच्यामुळे कायदे झाले. गर्भलिंगनिवडीवर १९९४ च्या कायद्याने बंदी आली. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात ओंकारेश्वराजवळच्या पुलावर नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला, आणि त्यांनी वर्षानुवर्षं लावून धरलेला जादूटोणाविरोधी कायदा त्यानंतर आला. त्याच्या अनुसूचीत गर्भाचं लिंग बदलण्याचा दावाही आहे. शिक्षा सहा महिने ते सात वर्षं. म्हणजे आजच्या पुण्यात घडणाऱ्या कथेत मुलगा देण्याचं वचन देणारा बीजमांत्रिक सरळ गुन्हेगार ठरतो.

मेंडेलचा वाटाणा (१८६६) आणि डीएनएचं दुहेरी सर्पिल (१९५३) सगळ्यांना माहीत आहेत. धंद्याला हत्यार मिळालं ते २०१२ मध्ये: क्रिस्पर, म्हणजे डीएनए ठरावीक जागी कापायची रीत. त्यात मार्गदर्शक आरएनएचा वीस अक्षरांचा भाग डीएनएच्या अक्षरांशी जुळून जागा शोधतो, कॅस९ हे प्रथिन तिथे कापतं. नेहमीच्या कॅस९ला त्या जागेला लागूनच एनजीजी ही तीन अक्षरं (एन म्हणजे कोणतंही अक्षर) लागतात. ती नसली तर मार्गदर्शक कितीही अचूक असो, काप बसत नाही. मार्गदर्शकाच्या एनजीजीपासून दूरच्या टोकाला एखादं अक्षर जुळलं नाही तरी चालून जातं, आणि तिथेच घात होतो: भलत्या ठिकाणी काप पडतो. पुढची डागडुजी पेशी स्वतः करते आणि घाईत चार-दोन अक्षरं गाळते किंवा घुसडते. गर्भाच्या पेशी विभागू लागल्यावर काप बसला, तर काही पेशी बदललेल्या आणि काही जुन्याच राहतात.

म्हणून मंत्र कापण्यासाठी खर्चू नये. ते काम परीक्षानळीतही होतं. अडतं ते हत्यार शरीरातल्या हव्या त्या पेशींपर्यंत पोचवण्यात. सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजारावर २०२३ मध्ये मान्यता मिळालेल्या क्रिस्पर उपचारात हा प्रश्न टाळलाय: रक्ताच्या मूळपेशी बाहेर काढून बदलतात, जबर केमोथेरपीने रुग्णाच्या हाडांतली मज्जा रिकामी करतात आणि मग त्या परत सोडतात. बीजमांत्रिकाला ही केमोथेरपी वाचवता आली तरी त्याची जादू मोठीच म्हणायची. फक्त त्या बदल्यात त्याच्याकडून काय वसूल करायचं, ते रचणाऱ्याने आधीच ठरवून ठेवावं.